‘मावशी नवीन नंबर’ : मागे राहिलेल्यांसाठीच्या डिजिटल सोयींचं परीक्षण

गूगलवर नाव टाकलं तर काहीच सापडत नाही, अशीच माणसं जगात जास्त. त्यांच्यावर कुणी लेख लिहिलेला नसतो, त्यांची मुलाखत घेतलेली नसते. फेसबुकवर खातं असतं, पण प्रोफाइलला गुलाबाचं फूल, आणि भिंतीवर शेवटची पोस्ट दुसऱ्याच कुणीतरी टॅग केलेली. असा माणूस गेल्यावर त्याचं जे उरतं ते सांभाळायला मोठ्या कंपन्यांनी आपापल्या सोयी काढल्या आहेत. गूगलचं ‘इनॅक्टिव्ह अकाउंट मॅनेजर’, ॲपलचा ‘लेगसी कॉन्टॅक्ट’, फेसबुकचं स्मृती-खातं. तिन्ही फुकट. पण तिन्हींची रचना अशा माणसासाठी झाली आहे, ज्याच्याकडे हजारो फोटो, भरलेला ईमेल आणि नीट लावलेल्या फाइली आहेत. इथली कसोटी वेगळी आहे: स्वतःबद्दल काहीच न लिहिणाऱ्या, फोटोत कडेला उभ्या राहणाऱ्या, फोन मुख्यतः घ्यायला आणि करायलाच वापरणाऱ्या माणसाला या सोयी किती कामी येतात?

आधीच सांगून टाकतो. या सोयी त्या माणसाचं खातं जपतात, आणि अशा माणसाच्या खात्यात फारसं काही नसतंच. जे आहे ते इतरांच्या फोनमध्ये विखुरलेलं असतं. त्यामुळे खाली गुण देताना ‘खातं किती जपलं’ यापेक्षा ‘इतरांकडचं किती गोळा करता येतं’ याला वजन दिलं आहे.

त्याआधी सिमकार्ड. सगळ्यात जास्त नुकसान इथे होतं, आणि तेही आवराआवरीच्या भरात. फोन बंद, नंबर बंद, बिल वाचलं. पुढे कुठल्याही खात्यात शिरायचं म्हटलं की सहा आकडी कोड येतो तो त्याच नंबरावर, आणि नंबर तर गेलेला. काही काळाने तो नंबर दुसऱ्या कुणालातरी मिळतो. व्हॉट्सअ‍ॅपचा नियम असा की खातं ४५ दिवस वापरात नसेल आणि नंतर तोच नंबर वेगळ्या फोनवर सुरू झाला, तर नंबर नव्या माणसाकडे गेला असं समजून जुना प्रोफाइल फोटो आणि ‘अबाउट’ची ओळ काढून टाकली जाते. कुणीच सुरू केला नाही, तर साधारण १२० दिवसांच्या निष्क्रियतेनंतर खातं पुसलं जातं. म्हणून खालचं सगळं उरकेपर्यंत सिम चालू ठेवावं, रिचार्ज करत राहावं. आणि ‘अबाउट’च्या त्या एका ओळीचा स्क्रीनशॉट पहिल्याच दिवशी काढावा. अनेकांनी स्वतःबद्दल लिहिलेलं एकमेव वाक्य तेवढंच असतं, मग ते ‘बॅटरी संपत आली आहे’ असं का असेना.

गूगलची सोय

ही सोय २०१३ पासून आहे आणि कागदावर तिन्हींत सगळ्यात समजूतदार आहे. गूगल खात्याच्या सेटिंगमध्ये ‘डेटा आणि गोपनीयता’ या भागात बरंच खाली गेलं की डिजिटल वारशाचं नियोजन करा, अशा अर्थाची ओळ सापडते. तिथे ठरवायचं की किती काळ हालचाल दिसली नाही तर खातं निष्क्रिय समजायचं: ३, ६, १२ किंवा १८ महिने. मग जास्तीत जास्त १० जणांची नावं द्यायची आणि कुणाला काय मिळावं ते टिक करायचं. एकाला फक्त फोटो, दुसऱ्याला फक्त कॉन्टॅक्ट, असं वेगवेगळं करता येतं. प्रत्येकासाठी चार ओळी लिहून ठेवायचीही जागा आहे. खातं पुसून टाकायचा पर्याय निवडला असेल, तर त्या दहा जणांना माहिती उतरवून घ्यायला ३ महिने मिळतात.

अडचण कुठे येते? एक म्हणजे, हे त्या माणसाने जिवंतपणी भरलेलं असावं लागतं, आणि आपण ज्यांच्याबद्दल बोलतोय ती माणसं असलं काही भरत नाहीत. दुसरी अडचण तांत्रिक आहे आणि ती फारशी कुणाच्या ध्यानात येत नाही. ‘हालचाल’ म्हणताना गूगल फक्त लॉगिन बघत नाही. जीमेलचा वापर आणि अँड्रॉइड फोनने सर्व्हरशी केलेला संपर्कही त्यात धरतं. घरच्यांनी फोन कपाटावर चार्जिंगला लावून वायफायवर चालू ठेवला, तर खातं ‘जिवंत’च राहतं आणि ठरवलेली मुदत कधी सुरूच होत नाही. म्हणजे सिम चालू ठेवायचं ते कोड घेण्यापुरतं. काम झालं की त्या फोनला विश्रांती द्यावी. तिसरी अडचण, नावं दिलेल्यांचा फोन नंबरही तिथे द्यावा लागतो आणि माहिती देण्याआधी त्याच नंबरावर पडताळणी होते. तो नंबर मधल्या काळात बदलला असेल तर दार बंद.

नियोजन केलेलं नसेल तर जवळच्या नातेवाइकाला गूगलकडे स्वतंत्र अर्ज करता येतो. पासवर्ड ते कुणालाही देत नाहीत. काही प्रसंगी खात्यातला मजकूर देतात. यात घाई हवी, कारण २०२३ च्या अखेरीपासून दोन वर्षं न वापरलेली वैयक्तिक खाती पुसायचं धोरण लागू झालं आहे.

खात्यात शिरता येत असेल तर ‘टेकआउट’ या गूगलच्याच सोयीने सगळं उतरवून घेता येतं. उतरवताना दोन गोष्टी पाहा. तयार झालेल्या दुव्याची मुदत साधारण आठवडाभराची असते, तेव्हा ईमेल आल्याबरोबर बसावं. आणि फोटोंबरोबर येणाऱ्या छोट्या ‘जेसन’ फाइली कचरा समजून उडवू नयेत. फोटो कधीचा आणि कुठला, ही माहिती अनेकदा त्यांच्यातच असते. पाचपैकी तीन.

ॲपलची सोय

डिसेंबर २०२१ मध्ये आयओएस १५.२ बरोबर आली. पाच जणांपर्यंत नावं देता येतात. प्रत्येकाला एक ‘ॲक्सेस की’ मिळते. ती आणि मृत्यूचा दाखला, दोन्ही असल्याशिवाय काही उघडत नाही. किल्लीची छापील प्रत काढून मृत्युपत्राच्या किंवा विम्याच्या कागदांबरोबर ठेवावी, कारण मेसेजमधून आलेली किल्ली फोन बदलताना हरवू शकते. ज्याचं नाव दिलं त्याच्याकडे ॲपलचा फोन असलाच पाहिजे असं नाही. पहिला अर्ज मंजूर झाल्यापासून तीन वर्षं माहिती पाहता आणि उतरवता येते, मग खातं कायमचं पुसलं जातं. फोटो, नोट्स, मेसेज, बॅकअप मिळतो. साठवलेले पासवर्ड आणि विकत घेतलेली गाणी-पुस्तकं मिळत नाहीत. आयक्लाउडवर न गेलेलं, फक्त फोनमध्येच पडून असलेलं काहीही मिळत नाही, आणि फुकटच्या ५ जीबीत भागवणाऱ्यांचं बरंचसं तिथेच असतं. नाव दिलेलंच नसेल तर न्यायालयाचा आदेश आणायची तयारी ठेवा. पाचपैकी साडेतीन, ते काटेकोरपणासाठी.

फेसबुक

इथे मुद्दा थोडा पुढे सरकतो, कारण फेसबुकवर दुसऱ्यांनी लिहिलेलंही असतं. खातं स्मृती-खातं झालं की नावाजवळ ‘रिमेम्बरिंग’ असा शब्द येतो, वाढदिवसाच्या आठवणी बंद होतात, ‘यांना ओळखता का’मध्ये नाव झळकत नाही. २०१५ पासून ‘लेगसी कॉन्टॅक्ट’ नेमता येतो, तोही फक्त एक. तो प्रोफाइलचा फोटो बदलू शकतो, वर टिकून राहणारी एक पोस्ट लिहू शकतो, नव्या मैत्री-विनंत्या स्वीकारू शकतो, आणि मूळ माणसाने मुभा दिली असेल तर पोस्ट-फोटोंची प्रत उतरवू शकतो. त्या माणसाचे खासगी मेसेज त्याला वाचता येत नाहीत, त्याच्या मित्रयादीतून कुणाला काढता येत नाही.

कुणालाच नेमलेलं नसेल तर? गुलाबाचं फूल कायमचं. ते कुणालाही बदलता येत नाही. बालपणीची मैत्रीण पाच वर्षांनी शोधत आली, तर तिची विनंती स्वीकारायला आत कुणी नसतं.

इथली मोठी फसगत क्रमाची आहे. स्मृती-खात्यासाठी विनंती करायला घरचंच असावं लागतं असं नाही. पुरावा जोडला की ओळखीचा कुणीही करू शकतो. आणि एकदा ते झालं की पासवर्ड माहीत असला तरी आत जाता येत नाही. एखादा सद्भावनेने भारलेला मित्र दुसऱ्याच आठवड्यात अर्ज करतो आणि घरच्यांना काहीही उतरवून घ्यायच्या आत कुलूप लागतं. वास्तविक दुसऱ्याच्या खात्यात शिरणं फेसबुकच्या अटींत बसत नाही. म्हणून सरळ मार्ग हाच, की माणूस हयात असतानाच त्याला नेमणूक करायला लावायची आणि ‘माहिती उतरवण्याची मुभा’ ही खूण केलेली आहे ना, ते पाहायचं.

उतरवताना ‘एचटीएमएल’ आणि ‘जेसन’ असे दोन पर्याय येतात. मराठी मजकूर असेल तर डोळे झाकून एचटीएमएल घ्या. फेसबुकच्या जेसनमध्ये देवनागरी अक्षरांच्या जागी तिरप्या रेघा, ‘यू’ आणि शून्यांची माळ येते. मजकूर हरवलेला नसतो, चुकीच्या पद्धतीने बांधलेला असतो. पण तो सोडवायला थोडंफार प्रोग्रामिंग येणारा माणूस लागतो. चित्रांचा दर्जा ‘उच्च’ ठेवा.

२०१९ मध्ये फेसबुकने स्मृती-खात्यांसाठी ‘ट्रिब्यूट्स’ हा वेगळा विभाग आणला. माणूस गेल्यानंतरच्या पोस्ट त्यात जातात, आधीच्या भिंतीवर आक्रमण होत नाही. कल्पना चांगली आहे, पण तिथे जमतं ते बहुतेक फुलं, हात जोडलेली चिन्हं आणि ‘विश्वास बसत नाही’. आठवण म्हणावी असं एखादंच. जुन्या वाढदिवसांच्या शुभेच्छांत त्याहून जास्त माल सापडतो. ‘यंदा तरी पायऱ्या मोजू नका’ असल्या ओळी तिथे असतात, ज्या लिहिणाऱ्यालाही आता आठवणार नाहीत. त्या शुभेच्छा लिहिणाऱ्यांच्या खात्यांशी बांधलेल्या असतात. त्याने खातं बंद केलं की ओळही गेली.

(ऑर्कुट आठवतं? तिथे ‘टेस्टिमोनियल’ नावाचा कप्पा होता. मित्राबद्दल दुसऱ्या मित्राने लिहायचं आणि ते त्याच्याच प्रोफाइलवर दिसायचं. माणूस जिवंत असताना त्याच्याबद्दल इतरांनी लिहावं यासाठी इतकी सरळ जागा नंतर कुणी दिली नाही. ३० सप्टेंबर २०१४ ला ऑर्कुट बंद झालं. ज्यांनी मुदतीत उतरवून घेतलं त्यांच्याकडे ते आहे.)

फेसबुकला पाचपैकी अडीच. इन्स्टाग्रामवरही स्मृती-खातं होतं, पण सांभाळणारा कुणी नेमता येत नाही. जसं आहे तसं गोठतं.

व्हॉट्सअ‍ॅप

यांची अशी काही सोयच नाही. स्मृती-खातं नाही, वारसदार नाही, गेलेल्या माणसासाठी वेगळं काहीच नाही. सेवा म्हणून शून्य गुण. साठा म्हणून मात्र पाचपैकी पाच, कारण अबोल माणसंसुद्धा इथे बोललेली असतात. आणि चॅटला दोन टोकं असतात. एक टोक गेलेल्या माणसाच्या फोनमध्ये अडकलं तरी दुसरं समोरच्याच्या फोनमध्ये असतं, त्याच्या हक्काचं. त्यासाठी ना दाखला लागतो, ना किल्ली.

पद्धत अशी. अँड्रॉइडवर ती चॅट उघडून वरच्या तीन टिंबांतून ‘मोअर’, मग ‘एक्सपोर्ट चॅट’. आयफोनवर चॅटच्या नावावर टिचकी मारून अगदी तळाला जायचं. ‘मीडियासह’ की ‘मीडियाविना’ असं विचारलं जातं. मीडियासह घेतलं तर शेवटचे १०,००० मेसेज येतात, मीडियाविना ४०,०००. म्हणून दोन्ही घ्यावेत: एकात आवाज आणि फोटो, दुसऱ्यात जुन्या काळाचा सांगाडा. ‘ॲडव्हान्स्ड चॅट प्रायव्हसी’ नावाची २०२५ मध्ये आलेली सोय त्या चॅटला लावलेली असेल तर निर्यात होत नाही. ‘डिसअपिअरिंग मेसेजेस’ चालू असेल तर जे गेलं ते गेलं. निदान आता तरी ते बंद करा.

हाती येते ती साधी टेक्स्ट फाइल. प्रत्येक ओळीला तारीख, वेळ, नाव आणि मजकूर. तारखेतली मेख आधीच समजून घ्या. दिवस आधी की महिना आधी, हे निर्यात करणाऱ्याच्या फोनच्या सेटिंगवर ठरतं. एकाच्या फाइलीतला ०४/०३ म्हणजे ४ मार्च, दुसऱ्याच्या फाइलीत तोच ३ एप्रिल. चार जणांच्या फाइली एकत्र लावायला घेतल्या की इथे गोंधळ उडतो. प्रत्येक फाइलीत १२ पेक्षा मोठा आकडा कुठल्या जागी येतो ते शोधा, तो दिवस. मग फाइलीच्या नावाला ‘दिवस-आधी’ किंवा ‘महिना-आधी’ असं शेपूट लावून टाका.

आता आवाज. व्हॉइस नोट ‘ओपस’ प्रकारच्या फाइलीत असते, नाव ‘पीटीटी-२०१९०३०४-डब्ल्यूए०००३’ अशा धाटणीचं. नावातच तारीख आहे, ४ मार्च २०१९. कोण बोललं ते मात्र नावात नाही. निर्यातीच्या मर्यादेत न बसलेल्या जुन्या नोटा अँड्रॉइड फोनमध्ये व्हॉट्सअ‍ॅपच्या ‘मीडिया’ फोल्डरमध्ये ‘व्हॉइस नोट्स’खाली सापडतात, आठवड्याप्रमाणे कप्पे करून: ‘२०१९१०’ म्हणजे २०१९ चा दहावा आठवडा. तिथे सगळ्या चॅट्सचे आवाज एकत्र पडलेले असतात, आणि हव्या त्या माणसाच्या वीस नोटांसाठी दोन हजार ऐकाव्या लागू शकतात. त्याला तोड अशी, की मीडियाविना काढलेल्या टेक्स्टमध्ये त्या माणसाच्या नावापुढे ‘मीडिया वगळला’ अशा अर्थाची ओळ ज्या ज्या तारखेला असेल तेवढ्या तारखा कागदावर उतरवायच्या आणि फक्त तेच कप्पे उघडायचे. संगणकावर फाइल वाजली नाही तर व्हीएलसी प्लेअर वापरा. एमपी३ करून मूळ फाइल उडवू नका. ओपसमध्ये आवाज आधीच दाबलेला असतो, पुन्हा दाबला की श्वास आणि मागचे आवाज जातात, आणि ओळख पटते ती बऱ्याचदा त्यांच्यावरूनच. मागे पंखा, बाजूला कुणीतरी, ‘झालं का हो रेकॉर्ड?’ म्हणून संपणारी नोट.

सगळ्यात मौल्यवान गोष्ट मात्र अजून पुढेच आहे. निर्यात केलेल्या फाइलीत प्रत्येक ओळीला जे नाव येतं, ते निर्यात करणाऱ्याने आपल्या फोनमध्ये जे सेव्ह केलं असेल तेच. एकाच बाईंच्या सहा जणांकडच्या फाइली मागवल्या तर सहा वेगळ्या बायका येतात. भाचीकडे ‘मावशी नवीन नंबर’. शेजाऱ्यांकडे ‘दुसरा मजला किल्ली’. वाचनालयात एकत्र काम केलेल्यांकडे ‘लायब्ररी मॅडम २’. रोज एकाच बसला उभं राहणाऱ्या बाईंकडे ‘बस ७.४०’. दुरुस्तीवाल्याकडे नुसता ‘मिक्सर’. धाकट्या भावाकडे ‘ताई’, आणि त्याच्यापुढे काहीच नाही, कारण दुसरी ताई त्याला नाहीच.

‘दुसरा मजला किल्ली’ एवढ्यावरून कळतं की शेजाऱ्यांच्या घराची जादा किल्ली या बाईंकडे असायची, म्हणजे शेजार विश्वासाचा होता. ‘नवीन नंबर’ म्हणजे जुनाही होता आणि भाचीने तो अजून काढलेला नाही. असल्या नोंदी कुणी आठवण म्हणून लिहिलेल्या नसतात, म्हणूनच त्या खऱ्या असतात. आणि त्या फार सहज मोडतात. कॉन्टॅक्ट डिलीट केल्यावर निर्यात केली तर नावाच्या जागी नुसता नंबर येतो. निर्यातीआधी कुणी ते सुधारून आडनावासकट पूर्ण नाव टाकलं, तर फाइलीत पहिल्या ओळीपासून तेच येतं. म्हणून इतरांना निरोप पाठवताना पहिली ओळ हीच असावी: ‘नाव बदलू नका, नंबर काढू नका, आधी निर्यात करा.’

अर्थात चॅट म्हणजे दुसऱ्याची खासगी गोष्टही. सगळी फाइल मागू नये. देणाऱ्याने आधी स्वतः वाचून नको ते काढावं, आणि काढलेल्या जागी ‘इथे काही ओळी गाळल्या’ एवढं लिहावं. आजारपण, पैशांची उसनवारी, तिसऱ्याबद्दलच्या तक्रारी यांत गेलेल्या माणसाचीही लाज असते.

फोटो

इतरांकडचे फोटो गोळा करायला गूगल फोटोजचा सामाईक अल्बम पुरेसा आहे. एका अल्बममध्ये २०,००० पर्यंत फोटो-व्हिडिओ मावतात. दोन पथ्यं. अल्बम गेलेल्या माणसाच्या खात्यातून काढू नये. वर सांगितलेलं दोन वर्षांचं धोरण त्यालाही लागू होतं. आणि ज्याने फोटो टाकला त्याने तो मूळ जागेवरून पुसला तर अल्बममधूनही जातो, म्हणून आल्या आल्या आपल्याकडे जतन करून घ्यावा.

चेहऱ्यावरून फोटो शोधायची सोय काही देशांत मिळत नाही. जिथे मिळते तिथेही आपल्या माणसाच्या बाबतीत ती अर्धवट चालते. समोर बघून हसणारे चेहरे यंत्र अचूक धरतं. पाठमोरा, कुणाच्या खांद्याआड अर्धा, हात वर करून दिवा धरलेला, असा माणूस सुटतो. आणि दुर्लक्षित माणूस नेमका तिथेच असतो. यावर उपाय एकच. प्रसंगांच्या तारखा काढायच्या आणि त्या दिवसाचे सगळ्यांचे सगळे फोटो डोळ्यांनी बघायचे, कडा आणि आरसे सोडू नयेत. ज्या प्रसंगाच्या एकाही फोटोत तो माणूस नाही, तिथे बहुधा कॅमेरा त्याच्याच हातात होता. ते फोटो त्याचेच, म्हणून वेगळे काढून ठेवावेत.

व्हॉट्सअ‍ॅपवरून फोटो मागवत असाल तर ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवायला सांगा. साधा पाठवला की लांबी साधारण १,६०० पिक्सेलवर येते आणि आत लिहिलेली तारीख-जागेची माहिती निघून जाते. १,६०० पिक्सेलचा फोटो ३०० डीपीआयने, म्हणजे इंचाला ३०० ठिपक्यांनी, छापला तर जेमतेम सव्वापाच इंच होतो. भिंतीवर लावायला मोठा केला की चेहऱ्याचे चौकोन दिसायला लागतात, आणि मग छापणाऱ्याला बोल लावण्यात अर्थ नाही.

विचारायचं कसं

इतकं करूनही थोडंच हाती येतं, बाकीचं लोकांच्या डोक्यात असतं. तिथे ॲप कमी आणि प्रश्न जास्त कामाचा. अमेरिकेतल्या ‘स्टोरीकॉर्प्स’ने २००३ मध्ये न्यूयॉर्कच्या ग्रँड सेंट्रल स्थानकात एक छोटी खोली उभारून जो साचा घालून दिला, तो उचलण्यासारखा आहे: ओळखीची दोन माणसं, समोरासमोर, ४० मिनिटं, मधे तिसऱ्याची लुडबुड नाही. त्यांचं ॲपही आहे. पण मराठीत काम करायचं तर फोनमधला साधा रेकॉर्डर पुरतो. फोन विमान-मोडवर टाका, टेबलावर थेट ठेवू नका, खाली घडी केलेला रुमाल ठेवा, नाहीतर बोटं आपटल्याचा धाडधाड आवाज येतो. सुरुवातीला दोघांनी आपलं नाव, तारीख आणि गेलेल्या माणसाशी नातं बोलून घ्यावं.

‘त्या कशा होत्या?’ हा प्रश्न बाद. त्याला जगभर एकच उत्तर आहे: ‘फार चांगल्या होत्या.’ मग दोघंही गप्प. त्याऐवजी फोन उचलल्यावर पहिला शब्द कोणता म्हणायच्या? चिडल्या की कशावरून कळायचं? चष्मा कुठे ठेवायच्या आणि कुठे शोधायच्या? त्यांच्याकडून मागून नेलेलं आणि परत न केलेलं तुमच्याकडे काही आहे का? या शेवटच्या प्रश्नाला सहसा हसू येतं, आणि मग छत्री, टाचण्यांची डबी, एखादं पुस्तक निघतं. त्या वस्तूचा फोटो तिथेच काढून घ्या. दोन माणसांच्या आठवणी एकमेकांशी जुळल्या नाहीत तर जुळवायला जाऊ नका. एकाला त्या अबोल वाटल्या आणि दुसरीला बडबड्या, तर दोन्ही तारखेसकट ठेवा.

हे सगळं ठेवायला सार्वजनिक जागा हवी असेल तर ‘फॅमिलीसर्च’ ही वंशवृक्षाची वेबसाइट फुकट आहे. फोटो, कागद, आवाज, लिखित आठवणी व्यक्तीच्या नावाला जोडता येतात. मृत व्यक्तीची माहिती तिथे सगळ्यांना दिसते आणि वंशवृक्ष सामाईक असल्याने दुसरा कुणीही ती बदलू शकतो, हे मान्य असेल तरच. नाहीतर दोन ठिकाणी दोन हार्ड डिस्क आणि निवडक पानांची छापील प्रत, यावर आम्ही जास्त भरवसा ठेवू.

शेवटचं काम नावं देण्याचं. फोटोंना तारखेपासून सुरू होणारी नावं द्या, म्हणजे आपोआप क्रमाने लागतील: वर्ष, महिना, दिवस, मग कुणाकडून आला ते. चॅटच्या फाइली मात्र फोल्डर करून जशाच्या तशा ठेवा. इथे नीटनेटकेपणाची हौस आवरा. सगळ्या फाइलींत ‘शोधा आणि बदला’ चालवून एकच पूर्ण नाव टाकायचा मोह होतो, संगणकाला ते अर्ध्या मिनिटाचं काम आहे. करायचंच असेल तर प्रतीवर करा. मूळ फाइलीत ‘बस ७.४०’ हे ‘बस ७.४०’च राहू द्या.